उरले किती: १४ लाख की ३६ लाख?

वाचकाचं पत्र

आदरणीय ताई,

मी इचलकरंजीचा. आम्ही मूळचे खर्चीवाले, म्हणजे दुसऱ्याचं सूत आणून मजुरीवर कापड विणून देणारे. २०१८ मध्ये साधे माग भंगारात घालून आठ जुने रेपियर माग घेतले आणि स्वतः सूत खरेदी करून धंदा सुरू केला. एका सरकारी बँकेचं ३० लाखांचं टर्म लोन आणि १२ लाखांचं कॅश क्रेडिट. तारण राहतं घर. लॉकडाऊननंतर व्यापाऱ्यांकडं पैसे अडकले ते अडकलेच. खातं एनपीए, म्हणजे थकीत, झालं. गेल्या ऑक्टोबरात ५२ लाखांची साठ दिवसांची नोटीस आली. मी लेखी उत्तर दिलं, त्यावर शाखेचा पोच शिक्का आहे, पण बँकेचं उत्तर आजवर नाही. जानेवारीत बँकेनं ३४ लाखांत ओटीएस, म्हणजे एकरकमी तडजोड, मंजूर केलं, मुदत तीन महिने. चार माग विकले, बायकोचे दागिने मोडले, एप्रिलअखेर २० लाख भरले. १४ राहिले. दोन महिने वाढवून मागितले, तर मे महिन्यात नकार आला आणि ओटीएस रद्द झालं. ९ जूनला दारावर ताब्याची नोटीस चिकटवली, तिच्यात ३६ लाख ४० हजार बाकी दाखवलीय. लिलावाची नोटीस अजून नाही. घराला आज ६० लाख तरी येतील.

ओळखीचे एक सल्लागार म्हणतात, "आता हायकोर्ट कोल्हापुरातच आलंय. रिट याचिका टाकू, १४ लाखांचे वर्षभराचे हप्ते कोर्ट पाडून देतं." दीड लाख आधी आणि सुटलेल्या रकमेवर पाच टक्के मागतात. बहीण चार लाख द्यायला तयार आहे, उरलेले माग विकले तर पाच-साडेपाच येतील, बाकीचं दिवाळीपर्यंत जमेल. घराचा मागचा भाग विकावा असाही विचार आहे. मेहुण्याच्या नावावर करून ठेवा, असंही कुणी सुचवलं. पतसंस्थेचे तीन लाख वेगळेच. घर आईच्या नावावर आहे. ती ७४ वर्षांची. तिला अजून काहीच सांगितलेलं नाही.

कोर्ट मदत करेल का?

– एक यंत्रमागधारक

उत्तर

आधी आकड्याचं बोलू. तुम्ही पत्रभर १४ लाख धरून चाललाय. बँकेच्या वहीत १४ लाख हा आकडा आता कुठंच नाही. ओटीएसचं मंजुरीपत्र काढा आणि शेवटच्या पानावरच्या अटी वाचा. ठरल्या तारखेला पूर्ण रक्कम आली नाही तर सवलत आपोआप रद्द, भरलेले पैसे कर्जखाती जमा आणि मूळ येणं पुन्हा उभं, अशी एक अट तिथं असणारच. म्हणून ५२ मधून तुमचे २० गेले, वर व्याज आणि खर्च चढला आणि नोटिशीत ३६ लाख ४० हजार आले. तुमचे २० लाख बुडाले नाहीत, एवढंच त्यातलं बरं. ते वजा झालेत का, कोणत्या तारखेला जमा धरलेत, हे खातेउतारा मागवून ताडून बघा. खर्चाच्या नावाखाली काय काय लावलंय तेही बघा. दंडव्याज लावून ते पुन्हा मुद्दलात मिसळायचं हा जुना खाक्या रिझर्व्ह बँकेनं बंद केलाय. १ एप्रिल २०२४ पासून दंडाची आकारणी वेगळी दाखवावी लागते, तिच्यावर व्याज चढत नाही.

आता सल्लागार जे विकतायत त्याबद्दल. मी चौदा वर्षं एका बँकेच्या वसुली खात्यात होते आणि त्यानंतर वीसेक वर्षं कर्जदारांची बाजू घेऊन न्यायाधिकरणाच्या पायऱ्या झिजवल्या. दोन्हीकडून बघून सांगते: १४ लाखांचे हप्ते कोर्ट पाडून देत नाही. पूर्वी काही हायकोर्टं अधूनमधून द्यायची, त्या गोष्टी अजून बाजारात फिरतात. पण सुप्रीम कोर्टानं ती वाट बऱ्यापैकी बुजवलीय.

डिसेंबर २०२१ मध्ये बिजनोरच्या एका अर्बन सहकारी बँकेचं प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं होतं. अलाहाबाद हायकोर्टानं कर्जदाराला ओटीएसचा लाभ द्या असा आदेश बँकेला दिला होता. सुप्रीम कोर्टानं तो रद्द केला. ओटीएस हा कर्जदाराचा हक्क नाही, रिट काढून बँकेला ते द्यायला लावता येणार नाही, असं स्पष्ट सांगितलं. त्या निकालात एक वाक्य तुमच्या घराला नेमकं लागू पडणारं आहे. तारण विकून सगळं येणं वसूल होईल असं बँकेला वाटत असेल, तर ती तडजोड नाकारू शकते. तुमचं घर ६० लाखांचं, येणं ३६ चं. कागदावर बँक पूर्ण सुरक्षित आहे.

तुमच्या प्रश्नाला याहूनही जवळचा निकाल नोव्हेंबर २०२२ चा, स्टेट बँक विरुद्ध अरविंद्रा इलेक्ट्रॉनिक्स. तिथंही ओटीएस मंजूर झालं होतं, काही रक्कम भरली होती, उरलेली मुदतीत भरता आली नाही. पंजाब-हरियाणा हायकोर्टानं मुदत वाढवून दिली. सुप्रीम कोर्ट म्हणालं, मुदत वाढवणं म्हणजे दोघांमधला करार कोर्टानं नव्यानं लिहिणं, आणि राज्यघटनेच्या कलम २२६ खाली, म्हणजे रिटमध्ये, तो अधिकार हायकोर्टाला नाही. मुदत वाढवायची तर ती दोघांच्या संमतीनं. तुमची कहाणी आणि ही कहाणी यांत फरक फक्त रकमेचा. बँकेचा वकील पहिल्याच तारखेला हा निकाल न्यायमूर्तींपुढं ठेवील.

कोल्हापूरचं सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून सुरू झालं, ही आपल्या भागासाठी मोठी गोष्ट आहे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांतल्या माणसाची मुंबईची फेरी आणि मुक्काम वाचला. पण हायकोर्ट जवळ आलं म्हणून कायदा बदलला नाही. सरफेसी म्हणजे बँकेला कोर्टात न जाता तारण ताब्यात घेऊन विकू देणारा कायदा. त्याच्या प्रकरणात आधी कर्जवसुली न्यायाधिकरणात जा, हे सुप्रीम कोर्ट २०१० पासून पुन्हापुन्हा सांगतंय. केरळ हायकोर्टातून अशा याचिका फार निघायच्या. त्याबद्दल एप्रिल २०२३ मध्ये साउथ इंडियन बँकेच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टानं उघड नाराजी दाखवली.

मग लोकांना स्थगिती मिळते ती कशी? मिळते, पण ती बहुधा पैसे भरण्याच्या अटीवर असते. माझ्याकडं एक जण आले होते, गाव सांगत नाही. दुसऱ्या कुणीतरी त्यांची रिट टाकली होती. चार आठवड्यांत येण्याचा चौथा हिस्सा भरा, न भरल्यास स्थगिती आपोआप उठेल, असा आदेश मिळाला. आदेश मिळाल्याच्या आनंदात गल्लीत पेढे वाटले. मग तो चौथा हिस्सा भरायला महिना तीन टक्क्यांनी सावकाराकडून पैसे उचलले, तेही पुरले नाहीत, आणि पाचव्या आठवड्यात स्थगिती उठली. घर गेलं ते गेलंच, सावकार मागं लागला तो वेगळा. आदेश आणून दिला म्हणून वकिलाची फी मात्र पूर्ण. मला त्या माणसाचा राग येत नाही. पेढे वाटण्याआधी आदेशाचं दुसरं पान त्यांना कुणी वाचून दाखवलं नाही, याचा येतो.

कोर्टात जाऊच नका, असं मी म्हणत नाही. कोर्ट तडजोड ठरवत नाही. बँक कायद्यानं वागली की नाही, तेवढं तपासतं. आणि इथं तुमच्या हातात एक पत्ता आहे, त्याचं मोल तुम्हाला उमगलेलं दिसत नाही. तुमच्या उत्तराला बँकेनं उत्तर दिलेलं नाही.

साठ दिवसांच्या नोटिशीला, म्हणजे सरफेसीच्या कलम १३(२) च्या नोटिशीला, कर्जदारानं आक्षेप कळवले तर बँकेनं पंधरा दिवसांत कारणांसह उत्तर द्यायलाच हवं. कलम १३(३ए). २००४ च्या मार्डिया केमिकल्सच्या निकालात सुप्रीम कोर्टानं हे बजावलं आणि त्यानंतर ते कायद्यात आलं. तुमच्याकडं पोच शिक्का आहे. ती प्रत आजच्या आज स्कॅन करून दोन ठिकाणी ठेवा.

पण लगेच हुरळून जाऊ नका, कारण याच मुद्द्यावर गोव्यातल्या एका मोठ्या हॉटेलचं प्रकरण झालं. ब्लू कोस्ट हॉटेल्स. त्यांच्या निवेदनालाही धनको संस्थेनं उत्तर दिलं नव्हतं आणि मुंबई हायकोर्टानं त्यांच्या बाजूनं निकाल दिला. २०१८ मध्ये सुप्रीम कोर्टानं एका हातानं मान्य केलं की उत्तर देणं बंधनकारक आहे, आणि दुसऱ्या हातानं दिलासा काढून घेतला. का? तर उत्तर न मिळूनही कर्जदार पुढं वाटाघाटी करत राहिला, भरतो-भरतो म्हणत राहिला आणि भरले नाहीत. तुमच्याबाबतीतही बँक हेच म्हणणार: उत्तर दिलं नाही खरं, पण त्यानंतर आम्ही ओटीएस दिलं आणि यांनीच ते मोडलं. तुमच्या बाजूनं बोलायला तुमचे २० लाख आहेत. तीन महिन्यांत माग आणि दागिने विकून २० लाख भरणारा माणूस नुसता वेळ काढत होता, असं म्हणणं जड जाईल. तरीही हा पत्ता खेळ जिंकून देणारा नाही. समोरच्याला बोलायला बसवणारा आहे, आणि त्याचसाठी तो वापरायचा.

कुठं? पुण्याच्या कर्जवसुली न्यायाधिकरणात, कलम १७ चा अर्ज. मुदत ताब्याच्या कारवाईपासून ४५ दिवस. तुमची नोटीस ९ जूनची, म्हणजे २४ जुलै. उशीर माफ होईल या भरवशावर राहू नका. या अर्जासाठी आधी रक्कम भरण्याची कायद्यात अट नाही; ती पूर्वी ७५ टक्के होती, मार्डियाच्याच निकालात ती गेली. अट लागते ती पुढच्या अपिलाला: ५० टक्के, आणि अपील न्यायाधिकरणाला वाटलं तर फार तर २५ टक्क्यांपर्यंत कमी. म्हणून पहिल्या पायरीवरच काम नीट करा. ताब्याची नोटीस सात दिवसांत दोन वर्तमानपत्रांत छापावी लागते, त्यातलं एक स्थानिक भाषेतलं. ते झालं का, कोणत्या तारखेला, हे वकिलाला तपासायला लावा. दारावर कागद लागला म्हणजे प्रत्यक्ष ताबा गेला असं नाही. घरातून बाहेर काढायला बँकेला साधारणपणे कलम १४ खाली जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश घ्यावा लागतो, त्याला वेळ जातो. तो वेळ तुमचा आहे, पण फार नाही.

आता ज्या तारखेला घाबरायचं ती तारीख. तुम्ही ताब्याच्या नोटिशीनं घाबरलात. खरी घाबरायची गोष्ट अजून आलेली नाही, ती म्हणजे लिलावाची जाहीर नोटीस. २०१६ च्या दुरुस्तीपूर्वी विक्री होईपर्यंत कर्ज फेडून तारण सोडवता येत असे. आता कलम १३(८) प्रमाणे तो हक्क लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच आहे. सप्टेंबर २०२३ मध्ये बाफना मोटर्सच्या प्रकरणात हे किती कडक आहे ते दिसलं. लिलावात १०५ कोटी ५ लाखांची बोली लागली होती. कर्जदार नंतर १२९ कोटी द्यायला तयार झाला. मुंबई हायकोर्टानं परवानगी दिली, बँकही पैसे घ्यायला तयार होती. सुप्रीम कोर्टानं लिलाव घेणाऱ्याच्या बाजूनं निकाल दिला. जास्त पैसे घेऊन आलेल्या कर्जदारालाही उशीर झाला म्हणून परत पाठवलं. आणि हे लक्षात घ्या: सोडवण्याचा हक्क म्हणजे पूर्ण येणं आणि खर्च भरून सोडवण्याचा हक्क, म्हणजे तुमचे ३६ लाख ४० हजार आणि पुढचं व्याज. १४ लाखांत सोडवणं ही बँकेची मेहेरबानी होती आणि ती फक्त बँकच पुन्हा करू शकते.

तेव्हा दिवाळी विसरा. दिवाळीपर्यंत थांबलात तर तोवर नोटीस छापून लिलावही झालेला असेल.

बँक ती मेहेरबानी पुन्हा का करील? घर ६० लाखांचं आहे, मग तिला काय पडलंय, असं वाटणं साहजिक आहे. पण बँकेच्या आतून हे वेगळं दिसतं. माणसं राहात असलेल्या घराच्या लिलावाला बोली लावायला कुणी पटकन येत नाही. त्यातून इचलकरंजीसारख्या गावात, जिथं निम्मी पेठ एकमेकांना ओळखते, म्हातारी बाई राहात असलेलं घर लिलावात घ्यायला ओळखीचा माणूस धजत नाही. राखीव किंमत खाली आणत दोन-तीन लिलाव करावे लागतात. दुसरं, एनपीए झाल्यावर खात्यावरचं व्याज बँक उत्पन्नात धरत नाही, बाजूला टिपून ठेवते. त्यामुळं तुम्हाला जे २१-२२ लाख 'सोडल्यासारखे' दिसतात, त्यातला बराच भाग बँकेनं कधी कमाई म्हणून दाखवलेलाच नसतो. तिसरं, खातं जितकं जुनं तितकी त्याच्यापोटी तरतूद, म्हणजे बुडेल असं धरून नफ्यातून बाजूला काढायची रक्कम, जास्त. संशयित, म्हणजे वसुलीची शंका असलेल्या खात्यांच्या वर्गात पहिल्या वर्षी तारणाच्या भागावर २५ टक्के, पुढची दोन वर्षं ४०, त्यानंतर पूर्ण १००. तरतूद केलेल्या खात्यातून जो रुपया येतो तो सरळ नफ्यात जातो. मार्चअखेर आणि तिमाहीअखेर वसुली खातं एवढं प्रेमळ का होतं, ते यावरून कळेल. ३० सप्टेंबर येतोय.

फक्त शाखाधिकाऱ्यापुढं जीव काढू नका. निर्णय त्याच्या हातात नाही. रिझर्व्ह बँकेच्या ८ जून २०२३ च्या चौकटीप्रमाणे, कर्ज मंजूर करणाऱ्याहून निदान एक पायरी वरच्या अधिकाऱ्यानं किंवा समितीनं तडजोड मंजूर करायची असते. दोन महिन्यांची मुदत का नाकारली याचं कारणही बहुधा तिथंच आहे: तीन महिन्यांहून जास्त मुदतीची तडजोड बँकेला कर्जाची पुनर्रचना म्हणून धरावी लागते, तिचे सोपस्कार वेगळे. तो माणूस दुष्ट होता असं नाही. तुम्ही त्याच्याकडं जे मागितलं ते देण्याची त्याला सोय नव्हती. म्हणून मुदतवाढ मागू नका, नव्यानं प्रस्ताव द्या.

प्रस्ताव असा द्या. शाखेमार्फत झोनल ऑफिसला, प्रत वसुली विभागाला. आधीचं मंजुरीपत्र, भरलेल्या २० लाखांच्या पावत्या आणि उशिराच्या काळाचं व्याज द्यायची तयारी. १४ लाखांवर पाच-सहा महिन्यांचं व्याज धरून पंधराच्या आसपास आकडा म्हणा; १४ वर हटून बसू नका. आणि सगळ्यात महत्त्वाचं, पैसे टेबलावर दिसू द्या. बहिणीचे चार, मागांचे पाच, असे नऊ लाख आत्ता बँकेत भरा, पण कर्जखात्यात नव्हे. नो-लियन खात्यात, म्हणजे ज्यातल्या पैशांवर बँक हक्क सांगत नाही अशा खात्यात, ठेवायला सांगा आणि तसं पत्रात लिहा: प्रस्ताव नामंजूर झाला तर रक्कम परत मिळावी. याआधी २० लाख थेट कर्जखात्यात गेले, म्हणून तुमच्या हातात बोलायला काही उरलं नाही. उरलेले सहा कधी आणि कुठून, ते तारखेनिशी लिहा. 'जमेल तसे' हे शब्द वसुली खात्यात रोज येतात, ते कुणी वाचत नाही.

सल्लागाराचे दीड लाख याच नवात घाला.

घराचा मागचा भाग विकून पैसे उभे करायचा विचार चांगला आहे, मात्र साठ दिवसांची नोटीस आल्यानंतर तारण मालमत्ता बँकेच्या लेखी संमतीशिवाय विकता, भाड्यानं देता किंवा दुसऱ्याच्या नावावर करता येत नाही, कलम १३(१३). मेहुण्याचं डोक्यातून काढून टाका. गहाण कायम राहतं, घर वाचत नाही, आणि उद्या न्यायाधिकरणात तुमच्या प्रामाणिकपणावर पहिला घाव तिथंच बसतो. खरा गिऱ्हाईक असेल तर त्याला घेऊन बँकेत जा, तिघांत करार करा, पैसे गिऱ्हाइकाकडून सरळ बँकेच्या खात्यात, आणि तो भाग गहाणातून मोकळा केल्याचं बँकेचं पत्र. बँकांना हे आवडतं, कारण लिलावाचा खर्च आणि कटकट दोन्ही वाचतात.

प्रस्ताव आणि कलम १७ चा अर्ज एकाच वेळी चालू ठेवता येतात आणि ठेवा. प्रस्ताव मान्य झालाच तर न्यायाधिकरणात दोघांच्या सह्यांची समझोत्याची पुरसीस, म्हणजे लेखी निवेदन, दाखल करून तसा आदेश घ्या. लोकअदालतीचीही वाट आहे. तिथला निवाडा दिवाणी कोर्टाच्या हुकूमनाम्यासारखा असतो आणि त्यावर अपील नाही. पण बँक राजी असेल तरच ती चालते, राजी नसलेल्या बँकेला लोकअदालत ओढून आणू शकत नाही. आणि कोर्टापुढं ठरलेली तारीख चुकवली तर आत्तापेक्षा जास्त अडकाल. पाळता येईल तीच तारीख घ्या.

बँकेनं तुमच्या प्रस्तावाकडं ढुंकूनही न बघता फेटाळला, आणि त्याच बँकेची एखादी जाहीर योजना चालू असून तुम्ही तिच्या निकषांत बसता, असं निघालं तर मात्र हायकोर्टाची गोष्ट वेगळी होते. रिझर्व्ह बँकेची मार्गदर्शक तत्त्वं आणि स्वतःची योजना बाजूला ठेवून बँकेला मनाला येईल तसं वागता येत नाही, असं २००९ च्या सरदार असोसिएट्सच्या निकालात आलंय. म्हणून तुमच्या बँकेचं सध्याचं ओटीएस धोरण किंवा योजना काय आहे ते लेखी विचारा. सल्लागार रिट टाकणार होते ती या मुद्द्यावर नव्हती.

पतसंस्थेचे तीन लाख थोडक्यात. पतसंस्थेला सरफेसी लागू नाही. मुरगूडच्या सहकारी बँकेच्या प्रकरणात २०२० मध्ये घटनापीठानं तो सहकारी बँकांना लागू असल्याचं ठरवलं, पतसंस्था म्हणजे बँक नव्हे. तिचा रस्ता सहकार कायद्याच्या कलम १०१ चा वसुली दाखला. दाखल्याविरुद्ध पुनरीक्षणाला जायचं तर आधी निम्मी रक्कम भरावी लागते, म्हणून तीन लाखांसाठी भांडू नका. चेअरमनना भेटा, जामीनदारांना बरोबर न्या. आत्ता महिना पाच हजार जरी सुरू केले तरी ते प्रकरण शांत राहील.

तडजोड झालीच तर मंजुरीपत्र हातात घेताना बघायच्या गोष्टी: टर्म लोन आणि कॅश क्रेडिट दोन्ही खात्यांचे क्रमांक त्यात आहेत ना, जामीनदार मोकळे झाल्याचं लिहिलंय ना, बँक आपली कारवाई मागं घेईल असं आहे ना. शेवटचा हप्ता भरला की बेबाकी दाखला, म्हणजे काही देणं उरलं नसल्याचा कागद, घ्या. मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत यायला हवीत; वैयक्तिक कर्जदाराला त्याहून उशीर झाला आणि चूक बँकेची असेल तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, हा रिझर्व्ह बँकेचा सप्टेंबर २०२३ चा नियम आहे. प्रॉपर्टी कार्डावरचा बोजा स्वतः जाऊन कमी करून घ्या. बँक करील म्हणून थांबलेली माणसं दहा वर्षांनी घर विकायला निघाली की माझ्याकडं येतात. सिबिलमध्ये, म्हणजे तुमच्या कर्जफेडीच्या नोंदीत, 'सेटल्ड' असा शेरा येईल आणि काही वर्षं राहील. त्याच बँकेकडून निदान वर्षभर नवं कर्ज मिळणार नाही. हे चालवून घ्यावं लागेल.

आणि आता आई. तुम्ही शेवटच्या ओळीत लिहिलंय, घर आईच्या नावावर आहे. मग ती या प्रकरणात बाहेरची कुणी नाही. तारण देणारा माणूस सरफेसीच्या व्याख्येत कर्जदारच असतो. तिच्या नावानं स्वतंत्र नोटीस यायला हवी होती. ती आलीच नसेल तर तुमच्या वकिलाला पोच शिक्क्याच्या जोडीला दुसरा मुद्दा मिळाला. आली असेल, तर त्या पोस्टाच्या पावतीवर सही कुणाची आहे? तुमची असेल, तर मला वाटतं तुम्ही हे पत्र लिहायला एवढे दिवस का घेतलेत ते त्यात आलं.

नव्या प्रस्तावावर तिची सही लागेल. कलम १७ च्या अर्जावरही लागेल, आणि शपथपत्रावर सही करताना त्यात काय लिहिलंय ते तिला ठाऊक असावं लागेल. शिवाय नोटीस मराठी वर्तमानपत्रात छापली गेली असेल तर तिचं नाव त्यात आलेलं आहे, आणि तुमच्या गल्लीत वर्तमानपत्र वाचणारे तुम्ही एकटे नाही. तिनं ते घर तारण द्यायला बँकेत येऊन सही केली होती. म्हणजे निदान एकदा तरी तिला विचारलं होतं. या रविवारी दुपारी, जेवणं झाल्यावर, बहीण घरी असताना सांगा. नोटीस, मंजुरीपत्र आणि २० लाखांच्या पावत्या समोर ठेवून सांगा, पावत्या वरती ठेवा. सोमवारी तिला घेऊन वकिलाकडं जा.